भाज्यांचे व्हेगन मीटबॉल: सॉसमध्येही न फुटणारे

प्रश्न थोडक्यात असा आहे: मशरूम, कांदा, गाजर आणि मसूर घालून घरी व्हेगन मीटबॉल केले. वळताना छान वळले, पण ओव्हनमध्ये पसरट झाले, काहींना भेगा पडल्या आणि टोमॅटो सॉसमध्ये सोडल्यावर निम्मे विरघळले. पुढच्या वेळी पीठ वाढवलं, तेव्हा गोळे टिकले, पण आतून पिठूळ आणि चिकट लागले. अंडं आणि दूध न वापरता बांधणी नेमकी कशाने करायची?

बांधणीकडे येऊच, पण आधी पाण्याचं बघू. कच्च्या मशरूममध्ये वजनाच्या सुमारे ९२ टक्के पाणी असतं. कांद्यात आणि गाजरात ते ८८-८९ टक्क्यांच्या घरात असतं, झुकिनीत तर ९५ च्या आसपास. या भाज्या कच्च्या किंवा अर्ध्याकच्च्या गोळ्यात गेल्या, की ओव्हनमध्ये त्यांच्या पेशी फुटतात आणि सगळं पाणी गोळ्याच्या पोटात सुटतं. गोळा आतून ढिला पडतो आणि स्वतःच्या वजनाने बसतो. त्यावर उपाय म्हणून पीठ वाढवणं म्हणजे आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी. पीठ ते पाणी शोषतं खरं, पण शोषून शिजलं की त्याची खळ होते, आणि तीच तुम्हाला पिठूळ लागते. म्हणून नियम एकच धरायचा: भाज्यांमधलं पाणी आधी कढईत घालवायचं, मग हवं तेवढंच मोजून परत द्यायचं.

आता बांधणी. मांसाच्या गोळ्यात मायोसिन नावाचं प्रथिन मिठामुळे मोकळं होतं, चिकट बनतं आणि उष्णतेने घट्ट होतं. अंड्याचा पांढरा भाग ६२ अंश सेल्सिअसच्या आसपास धरू लागतो आणि ८० पर्यंत पक्का होतो. दोन्हींचा गुण सारखाच: कच्चे असताना चिकटवतात, तापल्यावर घट्ट होतात आणि पुन्हा सैल पडत नाहीत. भाज्या-कडधान्यांच्या स्वयंपाकघरात हे सगळं एकट्याने करणारा पदार्थ सहजी मिळत नाही.

'एक मोठा चमचा जवसाची पूड आणि तीन मोठे चमचे पाणी म्हणजे एक अंडं' हे समीकरण सगळीकडे सांगितलं जातं. मीटबॉलच्या बाबतीत ते अर्धंच खरं आहे. भिजवलेल्या जवसाचा बुळबुळीतपणा कच्चं मिश्रण छान धरून ठेवतो, पण तापल्यावर तो अंड्यासारखा घट्ट होत नाही. त्यामुळे फक्त जवसावर बांधलेला गोळा हातात पक्का वाटतो आणि सॉसमध्ये दगा देतो. इथे कामाची वाटणी करावी लागते. कच्चं असताना धरायला जवस, तापल्यावर घट्ट व्हायला बेसन आणि थोडा बटाट्याचा स्टार्च, उरलंसुरलं पाणी प्यायला ओट्स. चौथा भिडू फुकटचा आहे, तो म्हणजे भाजल्यानंतरची विश्रांती. शिजलेला स्टार्च गार होताना आणखी घट्ट होतो, म्हणून ओव्हनमधून काढल्या काढल्या गोळा हलवू नये.

३० ग्रॅमचे साधारण २५ गोळे होतील असं प्रमाण देतो. वजनकाटा वापराच. चमच्याने आणि वाटीने मोजलेल्या भाज्यांत इतका फरक पडतो की चूक कुठे झाली हे नंतर कळतच नाही.

बटण मशरूम २५० ग्रॅम, कांदा १२० ग्रॅम, गाजर ८० ग्रॅम, लसूण १० ग्रॅम (तीन-चार पाकळ्या). कोरडा अख्खा मसूर १०० ग्रॅम, म्हणजे शिजवून २३०-२४० ग्रॅम. अक्रोड ६० ग्रॅम, जाड ओट्स ५० ग्रॅम, बेसन २० ग्रॅम, बटाट्याचा स्टार्च १० ग्रॅम, जवसाची ताजी पूड १४ ग्रॅम (दोन मोठे चमचे) आणि ती भिजवायला ५० मिली पाणी. टोमॅटो पेस्ट २० ग्रॅम, सोया सॉस १५ मिली, न्यूट्रिशनल यीस्ट (चीजसारख्या चवीचं, न फुगणारं सुकं यीस्ट) १० ग्रॅम, तेल दोन मोठे चमचे आणि वरून लावायला थोडं. मीठ ६ ग्रॅम, बडीशेप जाडसर कुटून एक चहाचा चमचा, स्मोक्ड पॅप्रिका एक चमचा, सुका ओरेगानो एक चमचा, मिरपूड अर्धा चमचा.

नेहमीच्या समीकरणाने दोन चमचे जवसाला ९० मिली पाणी लागलं असतं. इथे मुद्दाम ५० च घेतलं आहे, कारण उरलेला ओलावा मसूर आणि भाज्या देतात.

मशरूमपासून सुरुवात करा, कारण अर्धी लढाई तिथेच असते. तीन-चार मिलीमीटरचे तुकडे करा. मिक्सरमध्ये करायचे तर एकेक सेकंदाचे पाच-सहा झटके पुरतात. पसरट, जाड बुडाच्या कढईत तेल न घालता, चिमूटभर मीठ टाकून मध्यम-मोठ्या आचेवर ठेवा. चार-पाच मिनिटांत मशरूम स्वतःच्या पाण्यात पोहू लागतील. इथे घाबरून आच कमी करू नका. दहा-बारा मिनिटांत ते पाणी आटतं. ते डोळ्यांपेक्षा कानांना आधी कळतं, बुडबुड थांबते आणि चरचर सुरू होते. मग एक चमचा तेल घालून आणखी दोन-तीन मिनिटं, कडा तपकिरी होईपर्यंत परता. २५० ग्रॅमचे १०० ते ११० ग्रॅम उरले पाहिजेत. काट्यावर १५० दिसले, तर कढई पुन्हा आचेवर ठेवा. मशरूम जास्त शिजतील ही भीती बाळगायचं कारण नाही. त्यांच्या पेशींच्या भिंतींत कायटिन असतं आणि ते उष्णतेने विरघळत नाही, त्यामुळे पाच मिनिटं जास्त झाली तरी चावा टिकतो. झुकिनी किंवा वांग्याचं तसं नाही, त्यांच्या पेशी जोडणारं पेक्टिन शिजताना सुटतं आणि त्यांचा लगदा होतो.

त्याच कढईत दुसरा चमचा तेल घालून बारीक चिरलेला कांदा आठ-दहा मिनिटं सोनेरी करा. जाड किसलेलं गाजर घालून चार-पाच मिनिटं परता. बारीक किसू नका, नाहीतर त्याचा गर होतो आणि गोळा मऊ पडतो. लसूण शेवटी, एक मिनिटभरच, कारण जळका लसूण सगळ्या मिश्रणाला कडवटपणा देतो. मग टोमॅटो पेस्ट घालून ती विटकरी दिसेपर्यंत, साधारण दोन मिनिटं परता. आता मसाले आणि सोया सॉस घाला आणि सॉसचं पाणी उडून कढईचं बूड कोरडं झालं की आच बंद करा. हे सगळं मशरूमसह एका मोठ्या ताटात पसरून पूर्ण गार होऊ द्या. गरम मिश्रणात बेसन आणि स्टार्च घातला तर तो तिथेच फुलायला लागतो, मिश्रण हाताला चिकटतं आणि ओव्हनमध्ये घट्ट होण्याची त्याची ताकद आधीच खर्च होते. खोल भांड्यात ढीग करून गार केलं तर वाफ आतच पाणी होऊन बसते, म्हणून ताटच घ्या.

मसूर प्रेशर कुकरमध्ये लावू नका. उघड्या पातेल्यात, भरपूर उकळत्या पाण्यात १८ ते २२ मिनिटं शिजवा. दाणा बोटांत दाबला की चिरडला पाहिजे, पण साल शाबूत हवी. पाण्यात मीठ चालतं, टोमॅटो किंवा लिंबू नको, कारण आंबटपणामुळे दाणा मऊ व्हायला फार वेळ लागतो. चाळणीत निथळून सुती फडक्यावर पंधरा मिनिटं पसरा, गरम दाण्यातली वाफ उडून जाईल. डबाबंद शिजवलेला मसूर घ्यायचा असेल तर धुऊन, निथळून, फडक्याने टिपून घ्या. साल काढलेली लाल मसूर डाळ या कामाची नाही, तिचं वरण होतं.

राजमा किंवा चणे वापरायचे असतील तर एक युक्ती फार उपयोगी आहे. शिजवून निथळलेले दाणे ट्रेवर पसरून १८० अंशांवर पंधरा मिनिटं ओव्हनमध्ये ठेवा. सालं तडकतात, वरचा ओलावा जातो आणि गोळ्यात त्यांचा लगदा होत नाही. लाल राजम्याबद्दल एक गोष्ट ठामपणे सांगायला हवी: तो किमान पाच तास भिजवून, ते पाणी फेकून, नव्या पाण्यात खळखळ उकळवा. निदान दहा मिनिटं खरी उकळी हवी आणि त्यानंतर मऊ होईपर्यंत शिजवणं. कच्च्या राजम्यातलं लेक्टिन नावाचं विषारी प्रथिन पोट जोरात बिघडवतं. मंद आचेच्या स्लो कुकरमध्ये ते नष्ट होईलच याची खात्री नसते.

अक्रोड १६० अंशांवर आठ-दहा मिनिटं भाजा, फडक्यात घालून चोळा, सुटतील तेवढी सालं काढून टाका. कडवटपणा सालात असतो. मग जाडसर भरड करा. अक्रोडाचं काम चवीपुरतं नाही. त्यात सुमारे ६५ टक्के स्निग्धांश असतो आणि भाज्यांच्या गोळ्यात नेमकी त्याचीच उणीव असते. स्निग्धांश नसेल तर गोळा कितीही नीट बांधला तरी खाताना कोरडा भुगा लागतो. ओट्सपैकी निम्मे मिक्सरमध्ये रवाळ करा, निम्मे तसेच ठेवा. झटपट शिजणारे पातळ ओट्स टाळा, त्यांची लगेच पेज होते.

बेसन कोरड्या कढईत मंद आचेवर तीन-चार मिनिटं, खमंग वास येईपर्यंत भाजून घ्या. गोळ्याच्या मध्यभागी कच्च्या बेसनाची चव राहिली तर ती कोणत्याही मसाल्याने झाकत नाही. इथे रंग बदलू द्यायचा नाही, फार भाजलेल्या बेसनाची पकड कमी होते.

चवीबद्दल एक गोष्ट. मांसल चव म्हणून जी ओळखली जाते तिचा मोठा भाग ग्लुटामेटचा. १९०८ मध्ये किकुनाए इकेदा या जपानी रसायनशास्त्रज्ञाने कोम्बू या समुद्री शेवाळातून ते वेगळं केलं आणि त्या चवीला उमामी नाव दिलं. टोमॅटो पेस्ट आणि सोया सॉसमध्ये ग्लुटामेट भरपूर असतं. सुक्या शिटाके मशरूममध्ये ग्वानिलेट हा उमामी चवीचाच दुसरा घटक असतो, आणि ही दोन एकत्र आली की चव बेरजेपेक्षा कितीतरी जास्त वाढते. म्हणून शक्य असेल तर सात-आठ ग्रॅम सुके शिटाके रात्रभर गार पाण्यात, फ्रीजमध्ये भिजवा. ते बारीक चिरून मशरूमबरोबर परता, आणि भिजवलेलं पाणी उकळून, तळाची रेती मागे ठेवून गाळून गार करा. जवस भिजवायला साध्या पाण्याऐवजी ते ५० मिली वापरा. पाणी द्यायचंच आहे, तर चवीचं द्यावं.

आता मिश्रण. जवसाची पूड त्या ५० मिली पाण्यात ढवळून दहा मिनिटं ठेवा. मसुराचा एक तृतीयांश भाग काट्याने किंवा हाताने पूर्ण चिरडा आणि उरलेला अर्धवट दाबा. हा भाग लोक घाईत उरकतात आणि सगळं एकदम मिक्सरमध्ये फिरवतात. मिक्सर मसुरातला स्टार्च बाहेर काढतो आणि त्याची पेस्ट होते. पेस्टचा गोळा दिसायला गुळगुळीत आणि खायला एकसुरी असतो. तीन ते पाच मिलीमीटरचे तुकडे दिसले पाहिजेत, चावताना तेच जाणवतात. चिरडलेला भाग गोंद होतो, दाणे पोत देतात.

भाज्या, मसूर, अक्रोड, ओट्स, यीस्ट आणि मीठ आधी एकत्र करा. मग जवस घाला. बेसन आणि स्टार्च वरून भुरभुरवून शेवटी. हाताने एक-दीड मिनिट दाबत-उलटत मळा, म्हणजे मिश्रण स्वतःला धरू लागेल. झाकून पाऊण तास फ्रीजमध्ये ठेवा. या वेळात ओट्स पाणी पितात आणि जवस पूर्ण फुलतो. हा पाऊण तास टाळून पुढे गेलात तर मिश्रण ओलसर वाटतं, तुम्ही पीठ घालता आणि मूळ चुकीवरच परत येता.

फ्रीजमधून काढल्यावर मूठभर मिश्रण घट्ट दाबून पाहा. मूठ उघडल्यावर गोळा तसाच राहिला आणि तळहात ओला झाला नाही, तर बरोबर. तळहातावर पाणी दिसलं तर एक मोठा चमचा रवाळ ओट्स घालून आणखी पंधरा मिनिटं थांबा. कडा तडकून सुटत असतील तर एक-दोन चमचे पाणी शिंपडून पुन्हा मळा. मग सुपारीएवढं मिश्रण चपटं करून तव्यावर दोन्ही बाजूंनी भाजून चाखा. मीठ, तिखट, पकड, सगळं इथेच समजतं, आणि इथे सापडलेली चूक दुरुस्त करता येते. सोया सॉस धरून मीठ एकूण वजनाच्या १ ते १.२ टक्के पडतं. सॉस खारट असेल तर १ टक्क्यावर थांबा.

वळताना हाताला तेलाचा हात लावा. ३० ग्रॅम मिश्रण आधी मुठीत तीन-चार वेळा दाबून आतली हवा काढा, आणि मगच दोन्ही तळव्यांमध्ये हलकेच फिरवून गोल करा. नुसतं फिरवत राहिलं तर वरून गोल दिसतो आणि आत पोकळी राहते. भेग तिथूनच सुरू होते. ३० ग्रॅमचा गोळा पावणेचार सेंटीमीटरच्या आसपास होतो. त्याहून मोठा करू नका, वरचं कवच करपेपर्यंत मधला भाग पुरेसा तापत नाही. स्टार्च ६० ते ७५ अंशांच्या दरम्यान फुलतो, त्यामुळे गोळ्याच्या मध्यभागी ८५ अंश गाठले की बांधणी झाली असं समजावं. टोचून बघायचा थर्मामीटर असेल तर अंदाज बांधायची गरज उरत नाही.

ओव्हन २०० अंशांवर पूर्ण तापवा, पंख्याचा असेल तर १८०. बटर पेपरवर अडीच सेंटीमीटर अंतर ठेवून गोळे मांडा आणि वरून ब्रशने तेल लावा. तेल हवंच, त्याशिवाय वरचा थर तपकिरी न होता नुसता सुकतो. बारा मिनिटांनी उलटा, मग आणखी दहा ते बारा मिनिटं. बाहेर काढल्यावर ट्रेवरच दहा मिनिटं राहू द्या. या क्षणी गोळा मऊ लागेल आणि कच्चा राहिला असं वाटेल, पण दहा मिनिटांनी तोच पक्का होतो.

एअर फ्रायरमध्ये १९० अंशांवर बारा ते चौदा मिनिटं लागतात. टोपली हलवू नका, मध्ये एकदा चिमट्याने उलटा. तव्यावर करायचे असतील तर मध्यम आच, सढळ तेल, आणि पहिली दोन-तीन मिनिटं अजिबात हात लावायचा नाही. कवच झालं की गोळा तवा आपोआप सोडतो, त्याआधी ओढला तर कातडं तव्याला राहतं. भरपूर तेलात तळणं सगळ्यात धोक्याचं, कारण आतली वाफ जोरात बाहेर पडते. तळायचेच असतील तर गोळे कॉर्नफ्लॉरमध्ये हलके घोळवून वीस मिनिटं फ्रीझरमध्ये ठेवा, तेल १७५ अंशांवर आणा आणि एका वेळी चार-पाचच सोडा.

सॉसमध्ये खूप वेळ राहतील असे गोळे हवे असतील, तर सगळ्यात खात्रीची पद्धत वेगळी आहे. गोळे आधी बारा-पंधरा मिनिटं वाफवून घ्या, पूर्ण गार करा आणि मग तेलावर तपकिरी करा. वाफेत आतला स्टार्च ओलाव्यासह नीट फुलतो, गार होताना घट्ट बसतो आणि कवच शेवटी येतं. वेळ जास्त लागतो, पण बऱ्याच जणांना वाढायचं असेल तेव्हा ही मेहनत वाया जात नाही.

सॉस आधी पूर्ण तयार हवा. कच्चे गोळे सॉसमध्ये शिजवायचा मोह टाळा, मांसाच्या गोळ्यांना ते जमतं, यांना नाही. टोमॅटो सॉस वीस-पंचवीस मिनिटं वेगळा आटवून दाट करा, आच मंद करा आणि वाढण्यापूर्वी तीन-चार मिनिटं गोळे त्यात ठेवा. डाव घालून ढवळू नका. चमच्याने सॉस वरून घाला किंवा भांडं धरून हलकेच हलवा. ओट्स आणि मसूर सॉसमधलं पाणी पीतच राहतात, त्यामुळे अर्धा तास बुडून राहिलेला गोळा कितीही चांगला बांधला असला तरी मऊ पडतो. जेवायला उशीर होणार असेल तर गोळे ९०-१०० अंशांच्या ओव्हनमध्ये वेगळे गरम ठेवा.

तरीही बिघडलंच तर लक्षणावरून कारण शोधता येतं. गोळा पसरला, पण आतून चव चांगली आहे: मशरूम किंवा मसूर ओले राहिले. वर भेगा पडल्या: मिश्रण कोरडं होतं किंवा मुठीत दाबलं नव्हतं. कवच टणक आणि आत खळ: पीठ जास्त, किंवा मिश्रण फार वाटलं गेलं. आतून रबरासारखा ओढला जातो: बहुधा इसबगोल घातलेला असतो. इसबगोल उत्तम धरतो, पण साडेसातशे ग्रॅम मिश्रणाला पाच ग्रॅमच्या वर गेला की घास घशाखाली उतरत नाही. मागे कडू चव राहिली तर आधी जवसाची पूड हुंगून पाहा. जवस दळल्यावर लवकर खवट होतो, म्हणून अख्खा आणून लागेल तेवढाच दळावा. आणि गोळे हलके व्हावेत म्हणून खायचा सोडा घालू नका. त्याने गोळा ठिसूळ होतो, शिवाय अक्रोडाऐवजी सूर्यफुलाच्या बिया वापरल्या असतील तर सोड्यामुळे त्या आतून चक्क हिरव्या पडतात. त्यांच्यातल्या क्लोरोजेनिक आम्लाचा हा परिणाम असतो. अपाय काही नाही, पण ताटात बुरशी आल्यासारखं दिसतं.

चण्याच्या डब्यातल्या पाण्याविषयीही विचारलं जातं. ते पाणी फेसाळतं, म्हणून केकमध्ये आणि मेरिंगमध्ये त्याची जागा आहे. मीटबॉलमध्ये ते नुसतं जास्तीचं पाणी होतं.

बदल करायचेच असतील तर वांगं मशरूमची जागा चांगली घेतं. अर्धं कापून २२० अंशांवर ३५-४० मिनिटं भाजा, गर काढून चाळणीत अर्धा तास निथळा आणि मग हाताने दाबून पिळा. झुकिनी मात्र मी या कामासाठी सुचवत नाही. किसून, मीठ लावून, पिळूनही ती पाणी सोडत राहते. बीट रंगाला सुंदर, पण ४० ग्रॅमच्या वर गेलं तर गोड लागतं आणि पांढऱ्या सॉसला गुलाबी करतं.

चावा जास्त हवा असेल तर मसुरापैकी निम्म्याऐवजी सोया ग्रॅन्यूल्स घ्या. ५० ग्रॅम कोरड्या ग्रॅन्यूल्सवर १०० मिली गरम, खारट स्टॉक ओतून दहा मिनिटं ठेवा आणि घट्ट पिळा. साध्या पाण्यात भिजवल्या तर त्यांचा कच्चा वास राहतो. गव्हाचं शुद्ध ग्लूटेन हा आणखी ताकदीचा मार्ग. बेसन आणि स्टार्च काढून ४० ग्रॅम ग्लूटेन घाला, दोन मिनिटं मळा, वीस मिनिटं वाफवा आणि मग तपकिरी करा. असे गोळे सॉसमध्ये तासभरही हलत नाहीत, पण पोत भाज्यांचा न राहता मांसासारखा दाट होतो. ज्याला भाज्यांची चव हवी आहे त्याने या वाटेला जाऊ नये, असं माझं मत आहे. ग्लूटेन चालत नसेल तर मूळ प्रमाण जवळपास तसंच चालतं, फक्त ओट्स ग्लूटेनमुक्त असल्याची खूण पाहा आणि सोया सॉसऐवजी ग्लूटेनमुक्त तमारी (जपानी सोया सॉसचा एक प्रकार) घ्या, कारण साध्या सोया सॉसमध्ये बहुधा गहू असतो.

गोळे व्हेगन करून बाकीच्या ताटात चूक होणंही नेहमीचं. तयार ब्रेडक्रम्समध्ये दूध-पावडर असू शकते. वूस्टरशायर सॉसमध्ये सहसा अँकोव्ही मासा असतो. ताज्या पास्त्यात बऱ्याचदा अंडं असतं, आणि पार्मेझान चीज दुधाचं तर असतंच, शिवाय अस्सल पार्मेझानमध्ये दूध साकळवायला वासराच्या जठरातलं रेनेट वापरलेलं असतं.

पोषणाचा अंदाज हवा असेल तर या प्रमाणात एका गोळ्यात अडीच ग्रॅमच्या आसपास प्रथिनं येतात, म्हणजे सहा गोळ्यांत १५ ग्रॅमच्या आसपास. त्यातला सगळ्यात मोठा वाटा मसुराचा.

साठवायचे असतील तर भाजून गार झालेलेच साठवा. फ्रीजमध्ये झाकलेल्या डब्यात तीन-चार दिवस राहतात. फ्रीझरसाठी आधी ट्रेवर सुटे ठेवून दोन तास गोठवा आणि मग पिशवीत भरा, म्हणजे एकमेकांना चिकटत नाहीत. तीन महिन्यांपर्यंत चव टिकते. कच्चे गोळे गोठवू नका, बर्फाचे स्फटिक पेशी फाडतात आणि वितळताना तेच पाणी पुन्हा सुटतं, जे घालवायला एवढा खटाटोप केला. गोठलेले गोळे वितळवत बसू नका, थेट १८० अंशांच्या ओव्हनमध्ये पंधरा-अठरा मिनिटं ठेवा. मायक्रोवेव्हमध्ये गरम होतात, पण कवच मऊ पडतं. घाईत तोच एक मार्ग असेल तर मायक्रोवेव्हनंतर तेल लावलेल्या गरम तव्यावर दोन मिनिटं फिरवून घ्या.